नॉमिनी, वारस आणि अमानत

मुस्लिम समाजाच्या प्रश्नांवर आम्ही पुष्कळ लिहितो आणि पुष्कळ बोलतो. तलाक, शिक्षण, नोकऱ्या, दंगली, भाषा हे विषय आमच्या परिषदांत आणि अंकांत पुन्हा पुन्हा येतात. ते यायलाच हवेत. पण घरातला कर्ता माणूस गेल्यावर चाळिसाव्याच्या आतच जो प्रश्न प्रत्येक घरात उभा राहतो, त्यावर आम्ही सहसा लिहीत नाही. मय्यतीला आलेले नातेवाईक अजून परतायचे असतात, बेवा इद्दतीत बसलेली असते, आणि ओसरीवर कोणीतरी हळूच विचारतो, “विम्यावर नाव कोणाचं आहे?”

हा प्रश्न पैशाचा आहे म्हणून आम्ही त्याला हलका समजतो. साहित्याच्या अंकात विमा, भविष्यनिर्वाह निधी आणि बँकेतली ठेव यांचे काय काम, असेही कोणाला वाटेल. आम्हाला मात्र हा आमच्या इमानाचा आणि नीतीचा प्रश्न वाटतो. ज्या रकान्यात एक नाव लिहायचे असते, त्या रकान्यात माणूस नेमके काय लिहीत असतो? तो कोणाला पैसा देत असतो, की कोणावर जबाबदारी टाकत असतो? आणि ज्याचे नाव लिहिले गेले, त्याने हाती आलेल्या पैशाचे काय करायचे?

आधी हे नाव कसे लिहिले जाते ते पाहू. पोरगा नोकरीला लागतो. पहिल्याच आठवड्यात कचेरीतला कारकून पाच-सहा फॉर्म पुढे करतो आणि “इथं, इथं आणि इथं सही करा” म्हणतो. नॉमिनीच्या रकान्यात पोरगा अब्बांचे नाव लिहितो, नाहीतर थोरल्या भावाचे. विम्याचा एजंट ओळखीचाच असतो, तो स्वतःच फॉर्म भरतो. आखातात जाणारा कोकणातला तरुण निघण्यापूर्वी बँकेत खाते उघडतो आणि घरी जो व्यवहार पाहणार त्याचे नाव देतो. पुढे लग्न होते, मुले होतात, अब्बा वारतात, भाऊ वेगळा राहू लागतो. रकान्यातले नाव मात्र तसेच राहते. वीस वर्षांपूर्वी उभ्या उभ्या लिहिलेला तो एक शब्द माणूस गेल्यावर त्याचा अखेरचा निर्णय म्हणून पुढे येतो. वास्तविक तो निर्णय नव्हताच, ती फॉर्म भरण्याची घाई होती.

कायदा याबाबत काय म्हणतो तेही समजून घ्यायला हवे, कारण बहुतेकांच्या मनात मोठा गैरसमज आहे. नॉमिनी म्हणजे मालक, असे लोक धरून चालतात. १९३८ च्या विमा कायद्यातील कलम ३९ चा अर्थ लावताना सर्वोच्च न्यायालयाने सर्बती देवी विरुद्ध उषा देवी या १९८३ सालच्या गाजलेल्या निकालात सांगितले की नॉमिनी हा केवळ पैसे स्वीकारणारा आहे. त्याला पैसे दिले की विमा कंपनी मोकळी होते, परंतु पैसा मयताच्या वारसांचा राहतो. बँकेतील ठेवींबाबतही न्यायालयाने २०१० मध्ये हेच म्हटले. डिसेंबर २०२३ मध्ये शेअर्सच्या बाबतीतही तेच तत्त्व सांगितले गेले. थोडक्यात, नॉमिनी म्हणजे दारात उभा राहून टपाल घेणारा माणूस. टपाल त्याच्या हातात पडते म्हणून आतला मजकूर त्याचा होत नाही.

भविष्यनिर्वाह निधीच्या १९५२ च्या योजनेत आणखी एक शहाणपणाची तरतूद आहे. सभासदाला कुटुंब असेल तर नॉमिनी कुटुंबातलाच हवा, आणि लग्नापूर्वी, कुटुंब नसताना, दुसऱ्या कोणाचे नाव दिलेले असेल तर कुटुंब झाल्यावर ते नामनिर्देशन आपोआप रद्द समजले जाते. या योजनेतील कुटुंबाच्या व्याख्येत भाऊ बसत नाही. नव्या संसाराबरोबर नवे नाव लिहिले पाहिजे, हे योजना करणाऱ्यांच्या ध्यानात होते. विम्याला आणि बँकेला मात्र असा नियम नाही. तिथे माणसानेच आठवण ठेवायची.

मग २०१५ साली विमा कायद्यात दुरुस्ती झाली. विमेदाराने आपले आईबाप, जोडीदार किंवा मुले यांपैकी कोणाला नॉमिनी केले, तर ती व्यक्ती त्या रकमेची लाभाची हक्कदार ठरेल, असे कलम ३९ मध्ये घातले गेले. म्हणजे जवळच्या या नात्यांपुरता नॉमिनी निव्वळ टपाल घेणारा राहिला नाही, असे दिसते. परंतु ही तरतूद वारसा कायद्याला बाजूला सारते का, यावर न्यायालयांत एकवाक्यता नाही. २०२५ मध्ये कर्नाटक उच्च न्यायालयाने ती वारसा कायद्याच्या वर नाही असे म्हटले. वकील मंडळींना यात पुष्कळ काम आहे. पण आमचा प्रश्न वकिलाच्या कामाच्या पलीकडचा आहे. कायद्याने पैसा माझ्या हाती ठेवला आणि कोणी तो मागू शकत नाही असे ठरले, तरी तो माझा होतो का?

एक सरळ हिशेब मांडून पाहू. समजा, एक शिक्षक वारला. मागे बायको, दोन मुली, म्हातारी आई आणि एक सख्खा भाऊ. वडील आधीच गेलेले. विम्याचे चोवीस लाख रुपये आले. कर्ज नाही, वसीयत नाही. सुन्नी फिक्हप्रमाणे बायकोला आठवा हिस्सा म्हणजे तीन लाख, आईला सहावा म्हणजे चार लाख, दोन मुलींना मिळून दोन तृतीयांश म्हणजे सोळा लाख, आणि उरलेला एक लाख भावाला. सूरह निसामधील अकराव्या आणि बाराव्या आयतींत जो हिशेब दिला आहे तो असा चोवीसच्या घरात बरोबर बसतो.

आता समजा, विमा लग्नाआधी घेतला होता आणि रकान्यात भावाचे नाव आहे. चोवीस लाखांचा धनादेश भावाच्या नावाने निघेल. त्यातला त्याचा एक लाख. उरलेले तेवीस लाख दोन पोरक्या मुलींचे, एका बेवेचे आणि एका म्हाताऱ्या आईचे. २०१५ च्या दुरुस्तीतही भाऊ बसत नाही, म्हणजे कायद्यानेही तो केवळ अमानतदार आहे. पण कायद्याला हे त्याच्याकडून करवून घ्यायला कोर्टाची पायरी चढावी लागते. इद्दतीतली बाई, जिचे माहेर दुसऱ्या तालुक्यात, ती दिराविरुद्ध दावा कधी लावणार? तिला त्याच घरात राहायचे असते, मुलींची लग्नेही त्याच बिरादरीत करायची असतात. दीर म्हणतो, “पैसा कुठं जात नाही भाभी, मुलींच्या शादीला मीच लावणार.” कदाचित तो खरेच लावील. पण तोवर त्या पैशातून त्याच्या घरावर स्लॅब पडलेला असतो. दहा वर्षांनी मुलींच्या लग्नात त्याने दिलेले दोन लाख हे चाचाचे उपकार म्हणून मोजले जातात. स्वतःचाच पैसा स्वतःला खैरात म्हणून मिळणे, याहून मोठी चोरी कोणती?

यतीमांचा माल खाणाऱ्याबद्दल कुरआनने जितके कठोर शब्द वापरले आहेत तितके फार थोड्या गुन्ह्यांबद्दल वापरले असतील. तो पोटात आग भरतो, असे सूरह निसाच्या दहाव्या आयतीत सांगितले आहे. आणि त्याच सूरहच्या अठ्ठावन्नाव्या आयतीत अमानत ज्याची त्याला पोचवण्याचा हुकूम आहे. आमच्या मशिदींत जुम्याच्या खुतब्यात अमानतीचा उल्लेख होतो, पण अमानत म्हणजे शेजाऱ्याने हजला जाताना ठेवलेली पेटी, एवढेच आमच्या डोळ्यांसमोर येते. नॉमिनीच्या रकान्यातले आपले नाव हीसुद्धा ठेवलेली पेटीच आहे, आणि ठेवणारा परत येणार नाही म्हणून तिची जोखीम अधिक, हे आम्हाला कोणी सांगत नाही.

हे उदाहरण सोपे होते. आता अवघड उदाहरण घेऊ. त्याच शिक्षकाने बायकोचे नाव लिहिले होते. चोवीस लाख तिच्या हातात आले. नव्या तरतुदीप्रमाणे ती म्हणू शकते की हे सगळे माझे. तिच्याजवळ उत्पन्न नाही, दोन मुली शिकायच्या आहेत. सासूचे चार लाख आणि दिराचा एक लाख तिने काढून द्यावेत का?

यावर आमच्यातच दोन मते आहेत आणि दोन्ही प्रामाणिक आहेत. एक मत असे की विम्याची रक्कम मयताच्या हयातीत अस्तित्वातच नव्हती. तो करार होता, आणि करारानेच ती रक्कम पत्नीला दिली. ती तरक्यात, म्हणजे मयताने मागे ठेवलेल्या मालमत्तेत, येत नाही. दुसरे मत असे की हप्ते त्याने आपल्या कमाईतून भरले आणि मरेपर्यंत नॉमिनीचे नाव बदलण्याचा अधिकार त्याने आपल्याकडे ठेवला. हिब्यात देणाऱ्याने हयातीतच वस्तूचा ताबा सोडावा लागतो. इथे ताबा सोडलेला नाही, म्हणून हा हिबा नव्हे. जे मरणानंतर लागू होते ते वसीयतीसारखे. आणि वारसाच्या हक्कात केलेली वसीयत, मग ती हनफी फिक्ह असो की कोकणात चालणारी शाफई, इतर वारसांनी मान्य केल्याशिवाय चालत नाही. शियांच्या इस्ना अशरी फिक्हमध्ये एक तृतीयांशाच्या मर्यादेत ती चालते. मलेशियातील उलेमांनी १९७३ सालीच तिथल्या भविष्यनिर्वाह निधीबाबत ठरवले की मुस्लिम सभासदाचा नॉमिनी हा वसी आहे, म्हणजे वाटप करून देणारा. पुढे २०१३ च्या इस्लामी वित्त कायद्यात त्याच देशाने तकाफुलच्या रकमेपुरती सशर्त हिब्याची वाटही काढून दिली. म्हणजे विचारी मुसलमानांनी या प्रश्नाकडे दोन्ही बाजूंनी पाहिले आहे. पण देणाऱ्याचा हेतू काय, हे कागदावर स्पष्ट लिहिले पाहिजे, याबाबत त्यांनी तडजोड केली नाही. मुकाट्याने भरलेल्या रकान्यावर त्यांनी भार टाकला नाही.

आम्हाला दुसरे मत अधिक बरोबर वाटते. नवऱ्याने मनात काय धरले होते ते ठाऊक नसताना त्याच्या म्हाताऱ्या आईचा सहावा हिस्सा एका रकान्याच्या जोरावर बुडवणे आमच्या मनाला पटत नाही. आईही बेवाच आहे. तिनेही त्या पोराला शिकवले, म्हणून तो शिक्षक झाला. दिराच्या एक लाखाबाबत मात्र आम्ही वेगळे बोलू. त्याने तो मागू नये. मागण्याचा हक्क असणे आणि मागणे शोभणे या दोन गोष्टी आहेत. भावाला उरलेला हिस्सा मिळतो त्या व्यवस्थेत भावाच्या पोरक्या लेकरांची देखभालही त्याच्यावर आहे. ज्याने ती जबाबदारी झटकली, त्याने हिस्सा तेवढा शरीअतच्या नावाने मागावा, यात शरीअतचा मान राहत नाही.

इथे आमच्या समाजातली एक ढोंगबाजी स्पष्ट बोलून दाखवली पाहिजे. बेवेच्या हाती विम्याचा पैसा आला की घरातल्या पुरुषांना शरीअत आठवते. मौलवीसाहेबांना बोलावले जाते, हिस्से काढले जातात, आठवा भाग म्हणजे किती ते तिला सांगितले जाते. पण त्याच घरात तलाठ्याकडे वारसनोंद होताना बहिणींकडून हक्कसोड लिहून घेतलेली असते. “बहीण भावाकडून जमीन घेते का कधी?” असे म्हणून तिला साडीचोळीवर वाटेला लावलेले असते. १९३७ च्या शरीअत कायद्यातून शेतजमीन वगळली गेली होती. कायद्याने ठेवलेली ती फट आमच्या रिवाजाने दरवाजाएवढी केली. आणि मेहेर? मयताच्या डोक्यावर बायकोचा न दिलेला मेहेर हे कर्ज आहे. वारसांत एक पैसाही वाटण्यापूर्वी कफन-दफनाचा खर्च, मग कर्ज, मग एक तृतीयांशापर्यंतची वसीयत, असा क्रम आहे. पण मय्यतीपुढे बाईला आणून “मेहेर माफ केला म्हण” असे सांगण्याचा रिवाज आमच्याकडे आहे. जिच्या कपाळी नुकतेच बेवापण आले तिच्याकडून, चारचौघांत, मयताच्या नजातीची भीती घालून कर्ज माफ करून घ्यायचे, ही कसली माफी? जमिनीत रिवाज, मेहेरात रिवाज आणि विम्यात तेवढी शरीअत, अशी निवड करणारा माणूस शरीअतचा नव्हे, आपल्या फायद्याचा अनुयायी असतो.

तरीही एका अन्यायाची भरपाई दुसऱ्या अन्यायाने करू नये, असे आम्हाला वाटते. बेवेवर अन्याय होतो म्हणून सगळे तिच्या नावावर करा आणि आईला, मुलींना विसरा, हा उपाय नव्हे. आणि ठरलेले हिस्से आजच्या संसाराला पुरे पडत नाहीत म्हणून मान खाली घालून बसणे हाही उपाय नव्हे. ज्या काळात बाईच्या खर्चाची जबाबदारी बाप, भाऊ, नवरा आणि मुलगा यांच्यावर पाळीपाळीने होती, त्या काळात आठव्या हिश्शाचा अर्थ एक होता. दोन खोल्यांच्या घरात एकटी राहणाऱ्या बेवेच्या हाती त्याचा अर्थ दुसरा होतो. हे म्हणताना आम्हाला भीती वाटू नये. कारण ठरलेल्या हिश्शांच्या आतबाहेर माणसाच्या विवेकाला कुरआन-हदीसने आणि आजच्या कायद्यानेही बरीच जागा ठेवली आहे. ती जागा आम्ही वापरत नाही, हे खरे दुखणे आहे.

मेहेर हयातीतच द्यावा आणि त्याची पोच लिहून ठेवावी. ज्याला बायकोसाठी घर ठेवायचे असेल त्याने हयातीत हिबा करावा, खरोखर ताबा द्यावा. एक तृतीयांश वसीयत ज्याला वारसाहक्क नाही त्याच्यासाठी करता येते. आधीच मेलेल्या मुलाची मुले, दुसरा मुलगा हयात असेल तर, आजोबांच्या मालमत्तेत वारस ठरत नाहीत. इजिप्तने १९४६ साली अशा नातवंडांसाठी सक्तीच्या वसीयतीचा कायदा केला, पाकिस्तानने १९६१ च्या वटहुकुमाने त्यांना बापाचा हिस्सा देऊ केला. आमच्याकडे असा कायदा नाही, पण आजोबाचा हात कोणी धरलेला नाही. त्याने एक तृतीयांशात त्या नातवंडांची नावे लिहावीत. वाढवलेली, दत्तक म्हणून मांडीवर घेतलेली मुलगी असेल, तिच्यासाठीही हाच मार्ग. वाटणीच्या वेळी हिस्सा नसलेले नातलग, यतीम आणि गरीब हजर असतील तर त्यांनाही काही द्या, असे सूरह निसाची आठवी आयत सांगते. ती आयत हिश्शांच्या आयतींच्या आधी येते, हे आम्ही ध्यानात घेत नाही.

१८७४ चा विवाहित स्त्रियांच्या मालमत्तेचा कायदा पुष्कळांना माहीत नसतो. त्याच्या सहाव्या कलमाप्रमाणे नवऱ्याने बायकोसाठी आणि मुलांसाठी म्हणून विमा उतरवला तर ती रक्कम त्यांच्यासाठी विश्वस्त निधी ठरते, नवऱ्याच्या तरक्यात जात नाही. १९२३ पासून हे कलम मुसलमानांनाही लागू आहे. इथे हेतू सुरुवातीलाच लिहिला जातो आणि नंतर लहर बदलली म्हणून नवऱ्याला तो परत घेता येत नाही. रकान्यातल्या नावापेक्षा ही गोष्ट हिब्याच्या अधिक जवळची आहे. तसेच बेवेला मिळणारे कुटुंब निवृत्तिवेतन हे तिचे स्वतःचे आहे, तो तरका नाही, त्यात कोणाचाही हिस्सा निघत नाही.

आणखी एक गोष्ट. नाबालिग मुलांच्या मालमत्तेची वली आई आपोआप होत नाही, असे आमच्या फिक्हमध्ये मानले जाते. परंतु बाप वसीयतीने तिला वसी नेमू शकतो. मुसलमानाची वसीयत तोंडीही चालते. पण तोंडी वसीयतीला साक्षीदार शोधत फिरावे लागते. एक साधा कागद, दोन साक्षीदार आणि “माझ्या मुलांच्या पैशाची वसी त्यांची आई” एवढे एक वाक्य. या एका वाक्याअभावी किती आयांना आपल्याच मुलांच्या फीसाठी दिरापुढे उभे राहावे लागते, ते ज्याने त्याने आपल्या आजूबाजूला पाहावे.

मग नाव लिहिताना कसोटी कोणती लावायची? आम्हाला ती एका हदीसमध्ये सापडते. नोमान बिन बशीर यांच्या वडिलांनी पत्नीच्या आग्रहावरून या एका मुलाला काही देणगी दिली आणि तिला साक्षी राहण्याची विनंती घेऊन ते पैगंबरांकडे गेले. पैगंबरांनी विचारले, तुमच्या सगळ्याच मुलांना असे दिले आहे काय? नाही म्हटल्यावर त्यांनी साक्षी राहायला नकार दिला. ही हकीकत मुलांतल्या समानतेची म्हणून सांगितली जाते आणि ती तशी आहेच. पण आम्हाला तिच्यात आणखी एक गोष्ट दिसते. देणगी न्याय्य आहे की नाही हे ठरवायला साक्षीदारापुढे उभे राहावे लागले. जे देणे भल्या माणसाच्या साक्षीने करता येत नाही, ते देणे बरोबर नसते.

रकान्यातल्या नावाला हीच कसोटी लावता येईल. मी जे नाव लिहिले ते आई, बायको, मुली, भाऊ यांच्यापुढे, मी जिवंत असताना, कारणासकट वाचून दाखवू शकतो का? “मुलगी अपंग आहे म्हणून तिच्यासाठी हा विमा,” असे मी सगळ्यांपुढे म्हणू शकतो. “मुलींना हिस्सा जाऊ नये म्हणून सगळी खाती मुलाच्या नावावर,” असे म्हणताना जीभ अडखळते. जिथे जीभ अडखळते तिथे नाव चुकले आहे असे समजावे. कायद्याची पळवाट दोन्ही वेळा एकच असते. हेतू मात्र एक नसतो.

यावर एक आक्षेप येईल आणि तो खोटा नाही. हयातीत हे विषय काढले तर घर फुटते, असे लोक म्हणतात. सून सासूकडे संशयाने पाहू लागते, भाऊ भावाशी बोलेनासा होतो. शिवाय मरणाची भाषा घरात नको. आम्ही विचारतो, न बोलल्याने घर फुटायचे राहते का? ते नंतर फुटते, एवढेच. आणि फुटते तेव्हा ज्याच्या शब्दाने सगळे गप्प बसले असते तो माणूस बोलायला नसतो. मरणाची भाषा नको म्हणणाऱ्यांना ती हदीसही आठवावी, ज्याच्याजवळ वसीयत करण्याजोगे काही आहे त्याने ती लिहून ठेवल्याशिवाय दोन रात्रीही काढू नयेत, असे जिच्यात सांगितले आहे. ज्या धर्मात उधारीचा व्यवहार साक्षीदार घेऊन लिहून ठेवण्याबद्दल कुरआनची सर्वांत लांब आयत आहे, त्या धर्माची माणसे कागदाला इतकी का बिचकतात, हे कोडेच आहे. साद बिन अबी वक्कास आजारी असताना आपला सगळा माल दान करायला निघाले होते. त्यांना एक तृतीयांशावर थांबवण्यात आले, आणि वारसांना लोकांपुढे हात पसरायला लावण्यापेक्षा सुस्थितीत ठेवून जाणे बरे, असे सांगण्यात आले. म्हणजे मागे राहणाऱ्यांची तजवीज हा निव्वळ दुनियादारीचा भाग नव्हे.

कर्जाबद्दलही दोन शब्द. नॉमिनीच्या रकान्यात कर्जाला जागा नसते. १८७४ च्या कायद्याखालचा विमा सावकाराच्या हातूनही सुटतो. सावकारांना बुडवण्याच्या हेतूनेच तो उतरवला असेल तरच त्यांना हात घालता येतो. बायकामुलांच्या तोंडचा घास सुरक्षित राहावा, हा कायद्याचा हेतू चांगला आहे. पण गावातल्या किराणावाल्याचे, मित्राचे, बहिणीचे जे देणे कोणत्याही कोर्टात सिद्ध होणार नाही, ते मयताच्या मानेवर राहतेच. म्हणून वारसांसाठी नावे लिहिणाऱ्याने देण्याघेण्याची एक यादीही लिहावी, आणि ते देणे कुठून फेडायचे तेही.

आता बँकेत एका खात्याला चार नॉमिनी देता येतात. २०२५ च्या दुरुस्तीने १ नोव्हेंबर २०२५ पासून ही सोय झाली, आणि ठेवीत कोणाला किती टक्के तेही लिहिता येते. दहा वर्षे कोणी हात न लावलेल्या ठेवी रिझर्व्ह बँकेच्या निधीत जातात. त्या शोधण्यासाठी २०२३ पासून ‘उद्गम’ हे संकेतस्थळ आहे. वारसांना ठाऊकच नाही अशी किती खाती आमच्या आखातातल्या आणि मुंबईतल्या चाकरमान्यांनी मागे ठेवली असतील! चार नावांच्या सोयीमुळे शरीअतच्या हिश्शांप्रमाणे टक्के लिहिणेही आता अवघड राहिलेले नाही. फक्त, घरात जन्म किंवा मृत्यू झाला की हिस्से बदलतात, म्हणून कागदही बदलायला हवा.

आमच्या वाचकांपैकी बहुतेकांनी कुठे ना कुठे कोणाचे तरी नाव लिहिलेले आहे, आणि बहुतेकांचे नाव कोणीतरी कुठेतरी लिहिलेले आहे. ज्यांनी नाव लिहिले त्यांनी ते कागद काढून पाहावेत, आणि का लिहिले ते त्या माणसाला सांगावे. ज्यांचे नाव लिहिलेले आहे त्यांच्यासाठी काम जास्त अवघड आहे. उद्या पैसा हातात आला तर त्यातला आपला किती आणि इतरांचा किती, हा हिशेब त्यांनी आजच, पैसा हातात नसताना करून ठेवावा. पैसा नसताना केलेला हिशेब सहसा खरा निघतो. आणि चाळिसाव्याच्या आत ओसरीवर कोणी विचारले, “नाव कोणाचं आहे?” तर उत्तर देणाऱ्याने पुढचे वाक्यही त्याच दमात, सगळ्यांना ऐकू जाईल असे बोलावे: “नाव माझं आहे, पैसा ह्यांचा आहे.”